पुस्तक विसरतं, ओळ का राहते?

तुम्ही विचारलंत ते थोडक्यात असं: आवडीने वाचलेल्या पुस्तकातलं वर्षभरात फारसं काही आठवत नाही, पण शाळेच्या फळ्यावर वाचलेली एखादी ओळ पन्नाशीतही जशीच्या तशी तोंडात येते, हे कसं? आणि त्याला जोडून दुसरं: मुलगी पाचवीत आहे, शाळेत अभंग आणि श्लोक पाठ करायला देतात, तिला अर्थ कळत नाही, मग या पाठांतरात काही हशील आहे का?

मी सत्तावीस वर्षं मुद्रितशोधनाचं आणि संपादनाचं काम केलं. त्यातला बराचसा वेळ वचनं निवडण्यात आणि तपासण्यात गेला. दिनदर्शिकांच्या पानांवर, वह्यांच्या मलपृष्ठांवर, संस्थांच्या स्मरणिकांत ज्या चार-दोन ओळी छापतात, त्या कुणाच्या, कुठल्या ग्रंथातल्या, पाठ बरोबर आहे का, हे मूळ पुस्तक उघडून बघायचं आणि चिठ्ठीवर उतरवून ठेवायचं. अशा हजारेक चिठ्ठ्या बुटांच्या खोक्यांत साठल्या होत्या. तुमच्या प्रश्नाचं उत्तर मला त्या चिठ्ठ्यांनी दिलं, आणि तेही त्या गेल्या तेव्हा.

आमचं घर सांगलीत, नदीपासून फार लांब नाही. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णा तळमजल्यात शिरली. आम्ही माणसं वेळेवर बाहेर पडलो, वरच्या मजल्यावर नेता आलं ते नेलं, खोकी खालच्या कपाटात राहिली. पाणी ओसरल्यावर कपाट उघडलं तर आत एक करडा लगदा होता. शाईचं पेन वापरायची माझी सवय, त्यामुळे जिथे कागद शाबूत होता तिथेही अक्षर उरलं नव्हतं.

घर धुऊन वाळायला महिना लागला. त्या महिन्यात मी एक शंभरपानी वही घेतली आणि ठरवलं, पुस्तक उघडायचं नाही, आठवेल ते उतरवायचं. पद्यातल्या ओळी येत राहिल्या, कित्येक संध्याकाळी हात थांबला नाही. गद्याच्या चिठ्ठ्यांपैकी मात्र बोटांवर मोजण्याइतक्याच आल्या. उरलेल्यांचा आशय आठवत होता, लेखक आठवत होता, डाव्या पानावर होतं हेसुद्धा आठवत होतं, पण वाक्य नाही. म्हणजे वर्षानुवर्षं मी ज्यांना सारखाच मान देऊन चिठ्ठीवर बसवलं होतं, त्यांतली काही वचनं माझ्यात राहिली होती आणि काही नुसती खोक्यात होती. मग मी आलेल्या ओळी समोर ठेवून बघू लागले की यांच्यात काय आहे.

पहिली गोष्ट अगदी ढोबळ आहे, तरी फार लोक तिच्याकडे लक्ष देत नाहीत. ती म्हणजे मोजमाप. तुकोबांचा हा चरण घ्या:

महापुरें झाडें जाती ।
तेथें लव्हाळे राहाती ॥

बोटांवर मोजा. म-हा-पु-रें-झा-डें-जा-ती, आठ. दुसऱ्या ओळीतही आठ. हा लहान अभंग: आठ-आठ अक्षरांचे दोन चरण, शेवटी यमक. आता तीनशे वर्षं पुढे, जळगावजवळच्या आसोद्याला जन्मलेल्या बहिणाबाई चौधरींकडे या (१८८०–१९५१). त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. घरोट्यावर दळताना, शेतात राबताना त्या रचत गेल्या, मुलाने म्हणजे सोपानदेवांनी आणि घरच्यांनी त्या ओळी टिपून ठेवल्या, आणि बहिणाबाई गेल्यावर १९५२ मध्ये आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह त्यांचं पुस्तक निघालं.

अरे संसार संसार, जसा तवा चुल्ह्यावर
आधी हाताला चटके, तेव्हा मिळते भाकर

पुन्हा मोजा. आठ, आठ, आठ, आठ. एक अक्षर इकडेतिकडे नाही. ज्या बाईने छंदाचं पुस्तक कधी हातात धरलं नाही, तिने तुकोबांचंच माप धरलं, कारण ते माप पुस्तकातलं नव्हतं. जात्याच्या एका फेऱ्याला, टाळाच्या एका आवर्तनाला, माणसाच्या एका श्वासाला जेवढं बसतं तेवढं ते आहे. कान त्या मापाला इतका सरावलेला असतो की ओळीचा पहिला अर्धा भाग आला की दुसऱ्याची जागा आधीच तयार असते. गद्यातलं सुंदर वाक्य आठवताना आपल्याला प्रत्येक शब्द शोधावा लागतो, इथे खाचेत बसेल तोच शब्द आत येतो.

मोठा अभंगही तसाच. सहा, सहा, सहा आणि शेवटी चार.

आम्हां घरीं धन । शब्दांचींच रत्नें ।
शब्दांचींच शस्त्रें । यत्न करूं ॥

दुसऱ्या आणि तिसऱ्या तुकड्याचं यमक जुळतं (रत्नें, शस्त्रें) आणि चौथा तुकडा आखूड पडतो. त्या आखूड चरणावर आवाज टेकतो. कीर्तनात बुवा तिथेच थांबतात आणि मागचे टाळकरी उचलतात. बावीस अक्षरांत सगळी मालमत्ता मोजून झाली: धन, रत्न, शस्त्र. ज्या माणसाच्या घरी दुष्काळाने दिवाळं वाजवलं होतं तो हे म्हणतो आहे.

समर्थांच्या मनाच्या श्लोकांत, म्हणजे त्या २०५ श्लोकांत, बंधन आणखी कडक. तिथे भुजंगप्रयात: बारा अक्षरं, लघु-गुरू-गुरू (म्हणजे ऱ्हस्व-दीर्घ-दीर्घ) असे तीन-तीन अक्षरांचे चार गण. 'जगी सर्व सूखी असा कोण आहे' यात 'सूखी' दीर्घ लिहिलेलं बघून एकदा एका छापखान्यातल्या नव्या मुलाने ते ऱ्हस्व करून ठेवलं होतं. शब्दकोशाप्रमाणे त्याचं बरोबर, पण ओळ मोठ्याने म्हटली की लंगडते. मी त्याला टेबलावर बोटांनी ताल धरून चारदा म्हणून दाखवलं, चौथ्या वेळी त्यानेच पेन उचललं.

पण नुसत्या मापाने ओळ टिकत असती तर जाहिरातींच्या सगळ्या यमकांनी आपली डोकी भरली असती. काही वर्षं भरतातही, मग ती ओसरतात. माझ्या वहीत आलेल्या ओळींत दुसरं एक साम्य होतं: जवळजवळ प्रत्येकीत एक वस्तू होती. तवा, भाकर, मुंगी, साखरेचा रवा, अंकुश, लव्हाळा, साबण. बहिणाबाई 'संसार कठीण असतो' म्हणत नाहीत. ते कुणीही म्हणेल आणि कुणीही विसरेल. त्या तव्यावर हात नेतात. 'आधी' आणि 'तेव्हा' हे दोन साधे शब्द स्वयंपाकघरातल्या क्रमानेच येतात, तो क्रम उलटा करता येत नाही, म्हणून ओळही उलटीसुलटी होत नाही. भाकरी थापणाऱ्या कुठल्याही बाईच्या बोटांवर हे वचन आधीपासून लिहिलेलं असतं, बहिणाबाईंनी ते वाचून दाखवलं.

लव्हाळ्याबद्दल, म्हणजे नदीकाठच्या त्या गवताबद्दल, जरा थांबून सांगते. पूर उतरल्यावर तिसऱ्या-चौथ्या दिवशी मी घाटाच्या खालच्या अंगाला गेले होते. काठावरच्या बाभळी मुळांसकट उपटून आडव्या पडल्या होत्या, मुळांत दगड अडकलेले. लव्हाळा होता. पण तो डौलात उभा वगैरे काही नव्हता. चिखलाच्या थराखाली, नदी वाहते त्या दिशेला सगळी पाती विंचरल्यासारखी आडवी झालेली, त्यांत चिंध्या आणि प्लास्टिक गुंतलेलं. आठवड्या-दीड आठवड्याने परत गेले तेव्हा त्या चिखलातूनच हिरवी टोकं वर आली होती, त्याच जागेवर.

बोलताना आपण बहुतेक सगळे 'तेथें लव्हाळे वाचती' म्हणतो. मीही वहीत तसंच लिहिलं होतं. नंतर गाथा उघडली तर 'राहाती'. माप तेच, यमक तेच, शब्द वेगळा. वाचणं म्हणजे संकटातून सुटणं. राहणं म्हणजे जिथे होतो तिथेच असणं. काठावर उभं राहून बघितल्यावर मला तुकोबांचा शब्द किती नेमका आहे ते कळलं. लव्हाळा सुटत नाही, पूर पूर्ण अंगावरून जातो, तो राहतो. त्या दिवसांत आमच्या गल्लीत रोज एकच बोलणं चालू होतं, कोण घर विकून वर जाणार आणि कोण इथेच राहणार. आणखी एक: हा चरण लोक 'लहानपण देगा देवा' या अभंगाला जोडतात, कारण भाव तोच आहे. पण गाथेत तो 'नीचपण बरवें देवा' या वेगळ्या अभंगाचं ध्रुपद, म्हणजे परत परत म्हणायचा चरण, आहे. म्हणजे ओळ इतकी सुटी झाली की तिने घर बदललं, आणि कुणाला पत्ता लागला नाही.

यावरून मी तुम्हाला साबणाचं सांगते. या सगळ्या महिन्यात माझ्या हाती लागलेलं सर्वांत मोलाचं हेच.

वहीत मी लिहिलं होतं, 'नाही निर्मळ मन, काय करील साबण'. लहानपणापासून हेच ऐकलेलं, शाळेच्या भिंतीवर हेच रंगवलेलं. गाथेशी ताडून बघताना दिसलं:

नाहीं निर्मळ जीवन ।
काय करील साबण ॥
तैसें चित्त शुद्ध नाहीं ।
तेथें बोध करील काई ॥

आधी वाटलं, 'जीवन' म्हणजे आयुष्य. मग शेवटचा चरण वाचला: 'तुका म्हणे जीवनेंविण । पीक नव्हे नव्हे जाण'. इथे जीवन म्हणजे पाणी. पाणी निर्मळ नसेल तर साबण काय करणार? आणि नुकतंच आम्ही ते पंधरा दिवस रोज केलं होतं. नळाला पाणी नव्हतं, हौदात पुराचं गढूळ पाणी. गोधड्या, सतरंज्या, मुलांचे गणवेश, वडी घासून घासून संपत होती, फेस येत नव्हता, आणि वाळत घातलेल्या पांढऱ्या कपड्यांवर पिवळट तांबडा थर तसाच. शेजारच्या काकू वैतागून म्हणाल्या होत्या, "आगं, साबणाला कशाला शिव्या घालतीस? पानीच घान हाय." तुकोबांच्या पहिल्या दोन चरणांत याहून वेगळं काही नाही. काकूंनी जे हौदाशी म्हटलं तेच ते म्हणतात, आणि मग 'तैसें' म्हणून मनाकडे वळतात: पाणी घाण असेल तर जसा साबण वाया, तसा मन शुद्ध नसलेल्या माणसाला केलेला उपदेश वाया.

आपण काय केलं? उपमेतलं पाणी काढून तिथे थेट मन बसवलं. अर्थ साधारण तोच राहिला, पण ओळीतली वस्तू गेली. मनाला साबण कुणी लावत नाही, त्यामुळे 'मन' घातल्यावर साबणही नुसता बोलण्यापुरता उरतो. आणि आता मोजून बघा: ना-हीं-नि-र्म-ळ-जी-व-न, आठ. 'नाहीं निर्मळ मन', सात. एक अक्षर कमी पडतं. इतकी वर्षं ती ओळ माझ्या कानाला किंचित अडखळल्यासारखी लागायची आणि का ते मला कळत नव्हतं. मापाचा हा दुसरा उपयोग. ते ओळ लक्षात ठेवतं आणि ओळीत कुणी शब्द बदलला तर चुगलीही करतं.

ही काळजी नवीन नाही. ज्ञानेश्वरी लिहिली गेली शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली. पुढे हातोहात नकला होताना पाठ बिघडले. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, पोथ्या जमवून ती शुद्ध केली आणि शेवटी बजावलं:

ज्ञानेश्वरीपाठीं । जो ओंवी करील मऱ्हाटी ।
तेणें अमृताचे ताटीं । जाण नरोटी ठेविली ॥

नरोटी म्हणजे नारळाची करवंटी. नाथ स्वतः मोठे कवी, त्यांना चार ओव्या भर घालणं अवघड नव्हतं. त्यांनी ती घातली नाही आणि दुसऱ्यालाही घालू नये म्हणून ताटातली करवंटी दाखवली. माझ्या कामाच्या टेबलासमोर ही ओवी चिकटवलेली असायची. तीही पुरात गेली, पण ती पाठ होती.

गद्याचं काय, असं तुम्ही विचाराल. गद्यातलं जे थोडं वहीत आलं त्यात महात्मा फुल्यांचं 'शेतकऱ्याचा असूड'मधलं वचन पहिल्याच दिवशी आलं, १८८३ सालचं:

"विद्येविना मति गेली, मतिविना नीति गेली, नीतिविना गति गेली, गतिविना वित्त गेले, वित्ताविना शूद्र खचले, इतके अनर्थ एका अविद्येने केले."

याला वृत्त नाही, पण बांधणी बघा. प्रत्येक तुकड्यात जे जातं त्याच्यापासूनच पुढचा तुकडा सुरू होतो. मति, नीति, गति एकमेकींना हाक मारतात. मधली एक पायरी काढली तर जिना कोसळतो, त्यामुळे कुणी विसरूही शकत नाही आणि गाळूही शकत नाही. शिवाय ही शब्दांची करामत नाही, तो कारणांचा क्रम आहे. शिक्षण नाकारलं की विचार जातो, विचार गेला की बरंवाईट ठरवता येत नाही, मग हालचाल थांबते, मग पैसा जातो, मग माणूस खचतो. सबंध पुस्तक सावकार, पाटबंधारे खातं, सरकारी कचेऱ्या यांच्या तपशिलांनी भरलेलं आहे, आणि त्या सगळ्याचा गाभा या एका वाक्यात आधीच सांगून ठेवला आहे. मी खेड्यापाड्यांतल्या कार्यक्रमांत पाहिलं आहे, हे वाक्य अर्धं म्हटलं की श्रोते पुढचं पूर्ण करतात.

'सरकारचे डोके ठिकाणावर आहे काय?' हा १८९७ च्या 'केसरी'तला मथळाही आला. अग्रलेख वाचलेला माणूस विरळा, मथळा प्रत्येकाला येतो, कारण तो प्रश्न कुठल्याही सरकारला कधीही विचारता येतो.

इथे तिसरी गोष्ट येते. टिकणाऱ्या ओळीत ऐकणाऱ्यासाठी जागा रिकामी ठेवलेली असते. 'मरे एक त्याचा दुजा शोक वाहे । अकस्मात तोही पुढे जात आहे'. एक, दुजा. नाव नाही, गाव नाही, नातं नाही. माझे सासरे गेले तेव्हा दहाव्याला घाटावर त्यांचे एक जुने सोबती आले होते. दोघांनी चाळीस वर्षं एकत्र फडावर ऊस तोलला होता. ते बराच वेळ पाण्याकडे बघत बसले आणि उठताना एवढंच म्हणाले, "मरे एक त्याचा..." पुढचं त्यांनी म्हटलं नाही, आम्हाला सगळ्यांना येत होतं. आठ महिन्यांनी तेही गेले. समर्थांनी त्यांच्यासाठी ती जागा सोडून ठेवली होती असं मला वाटतं, आणि माझ्यासाठीही सोडलेली आहे.

ही रिकामी जागाच ओळीला दूर नेते, आणि तिचा अर्थही त्याच वाटेने निसटतो. 'कठिण समय येतां कोण कामास येतो' हे दर आठवड्याला कुणी ना कुणी कुणावर तरी चिडून म्हणतं. ही ओळ रघुनाथ पंडितांच्या नलदमयंती-आख्यानातली. नळराजाने तळ्याकाठी हंस पकडला, बाकीचे पक्षी भिऊन उडाले:

तदितर खग भेणें वेगळाले पळाले ।
उपवन-जल-केली जे कराया मिळाले ॥
स्वजन गवसला जो, त्याजपाशीं नसे तो ।
कठिण समय येतां कोण कामास येतो ॥

जे पक्षी पाण्यात खेळायला जमले होते तेच पळाले, हे चित्र मागे असलं की ओळीचा कडवटपणा खरा वाटतो. पण गोष्ट तिथे संपत नाही. नळ हंसाला सोडून देतो, आणि सुटलेला हंस त्याच नळाचं काम करायला परत येतो. दमयंतीपर्यंत तोच पोचतो. म्हणजे ज्या काव्यात 'कोण कामास येतो' असं विचारलं आहे, त्याच काव्यात कामास येणारा एक जण भेटतो. ओळ एकटी उचलली की तो हंस मागे राहतो. समर्थांच्या 'सामर्थ्य आहे चळवळीचे' या ओवीचंही असंच. व्यासपीठांवर पहिला अर्धा भाग गाजतो, आणि 'परंतु' या शब्दाने सुरू होणारा, भगवंताचं अधिष्ठान मागणारा दुसरा अर्धा भाग भिंतीवर रंगवायला जागा पुरत नाही. ज्याला अधिष्ठान नको असेल त्याने ते खुशाल नाकारावं, पण समर्थांच्या तोंडून अर्धं वाक्य बोलवू नये, एवढंच माझं म्हणणं.

मोबाईलवर फिरणाऱ्या वचनांबद्दल दोन वाक्यांत सांगते. लेखकाचं नाव आहे, पण ग्रंथाचं, अभंगाचं, प्रकरणाचं नाव नाही, तर ते वचन त्या लेखकाचं नाही असं धरून चालावं आणि शोधावं. दुसरं म्हणजे ओळ मोठ्याने म्हणून बघावी. तुकोबांच्या नावाने आलेली ओळ मापात बसत नसेल आणि तिच्यात हाताला लागेल असं काही नसेल, तर मी पुढे पाठवत नाही.

आता तुमच्या मुलीचं. अर्थ न कळता पाठ करण्यात हशील आहे का? आहे, आणि मी हे पूर्ण विचाराने सांगते. मी तिसरीत पसायदान पाठ केलं. 'जे खळांची व्यंकटी सांडो' यातला व्यंकटी मला माणूस वाटायचा, आमच्या गल्लीत एक व्यंकटेश होता त्याच्यासारखा, आणि तो कुणाच्या हातून सांडतो आहे असं चित्र डोळ्यांपुढे यायचं. व्यंकटी म्हणजे वाकडेपणा, हे फार पुढे कळलं. आणि त्याहून पुढे, आमच्या घरात भावाभावांत वाटणीचं भांडण चालू असताना, एका रात्री लक्षात आलं की ज्ञानदेव खळ नाहीसे होवोत असं म्हणत नाहीत, त्यांचा वाकडेपणा गळू दे म्हणतात, आणि लगेच पुढे 'भूतां परस्परें जडो मैत्र जीवाचें'. त्या रात्री मी ज्ञानेश्वरी शोधायला उठले नव्हते. ओळ आत होती म्हणून ती भेटली. नऊ ओव्या तिसरीतल्या बाईंनी माझ्यात ठेवल्या नसत्या, तर त्या क्षणी माझ्याजवळ फक्त राग होता.

अर्थ समजावून मगच पाठ करून घ्यावं, असं म्हणणारे शिक्षक मला भेटतात. त्यांची तळमळ मी जाणते. पण दहा वर्षांच्या मुलीला 'मरे एक त्याचा' या ओळीचा अर्थ कोण समजावणार, आणि कशाला? शब्दार्थ सांगावा, तो सांगितलाच पाहिजे. लव्हाळा म्हणजे काय, नरोटी म्हणजे काय, जीवन म्हणजे इथे पाणी, हे सांगायला दोन मिनिटं लागतात. उरलेला अर्थ तिच्या आयुष्यातून यायचा आहे. पाठांतर वाईट होतं ते वेगळ्या कारणाने: गुणांसाठी घाईघाईत, सुराशिवाय, चुकलं की ओरडून. ज्या ओळीबरोबर मारलेली हाक किंवा छडी आठवते ती ओळ मूल पुढे जवळ करत नाही. माझ्या वहीत न आलेल्या पद्यओळींत अशा काही असाव्यात असा मला संशय आहे.

म्हणून एवढं करा. सुटी ओळ देऊ नका, पूर्ण अभंग द्या, चारच चरण असले तरी चालतील. आधी तुम्ही मोठ्याने म्हणा, चालीवर येत असेल तर चालीवर. तिला बोटांवर अक्षरं मोजू द्या, मुलांना हा खेळ फार आवडतो, आणि मोजता मोजता ओळ बसते. मग गाथेतून तिच्याच अक्षरात वहीत उतरवून घ्या आणि खाली अभंगाचं पहिलं पद लिहायला सांगा, म्हणजे ओळीला घर राहील. सुरुवात 'नीचपण बरवें देवा' या अभंगाने करा. पावसाळा सरला की तिला जवळच्या नदीवर किंवा ओढ्यावर घेऊन जा. लव्हाळा कुठला हे तुम्ही दाखवू नका. काठावर म्हशी चारणारा कुणी असेलच, त्याला तिने विचारू दे.